शिलाई मशीन आणि कालयंत्र



निबंधाच्या वह्या तपासणे शिक्षकांना कंटाळवाणे वाटते, असा तुमचा समज असेल. पुष्कळदा तो खराही असतो. पन्नास वह्यांत तोच पावसाळा, तीच सहल आणि तोच 'माझा आवडता खेळ' वाचला की डोळे मिटू लागतात. पण कधी कधी एखादी वही अशी हाती येते की झोप उडते. अशाच एका वहीविषयी आज मला तुमच्याशी बोलायचे आहे. त्या वहीत मी लाल शाईने पुष्कळ चुका दाखवल्या. नंतर माझ्या लक्षात आले की सगळ्यात मोठी चूक माझीच होती.

निबंधाचा विषय होता, 'मला कालयंत्र मिळाले तर...'. कालयंत्र म्हणजे माणसाला गेलेल्या किंवा येणाऱ्या काळात नेणारे काल्पनिक यंत्र. बहुतेक मुलांनी शिवाजी महाराजांच्या काळात फेरफटका मारला. काहींनी परीक्षेच्या आधी जाऊन प्रश्नपत्रिका पाहून घेतली! एका मुलाने मात्र वेगळेच लिहिले. त्याची आई शिवणकाम करते. त्याने लिहिले होते, "अम्मीची मशीन चालली की आमचे सारे घर हलते. फळीवरचे पेले वाजतात. तांब्यातल्या पाण्यावर गोल गोल लहरी उठतात. मी त्या मशीनला मोठी मोटर लावीन. मग घर हलते तसा काळही हलेल, वाकेल. त्या वाकलेल्या काळातून मी मागे जाईन. ज्या पहाटे अब्बा टेम्पो घेऊन आंबा घाटात गेले, त्या पहाटे जाईन. त्यांना म्हणेन, आज धुके फार आहे, आज जाऊ नका."

निबंध एवढाच होता. बारा ओळींचा. मी काय केले ते सांगते. 'मशीन चालली' या शब्दांखाली मी रेघ मारली, कारण उर्दूत मशीन स्त्रीलिंगी असली तरी मराठीत ते नपुंसकलिंगी आहे. निबंध लहान म्हणून गुण कापले. आणि शेवटी शेरा लिहिला, "असे यंत्र असू शकत नाही. वास्तवाला धरून लिहा." दहापैकी चार गुण.

दुसऱ्या दिवशी तास संपल्यावर तो मुलगा टेबलाजवळ आला. गुणांबद्दल त्याची तक्रार नव्हती. तो म्हणाला, "टीचर, असं यंत्र असू शकत नाही, हे तुम्हाला कसं ठाऊक?"

मी त्याच्याकडे पाहत राहिले. मित्रांनो, माझ्याकडे उत्तर नव्हते. मला ठाऊक होते असे मला वाटत होते, पण ते 'कसे' ठाऊक, हे मी कधी स्वतःला विचारलेच नव्हते. त्या मुलाला म्हटले, "मला थोडे दिवस दे. वाचते आणि सांगते." जे वाचले आणि त्यावरून माझे जे मत झाले, ते आता तुम्हा सर्वांना सांगते.

आधी कंपन म्हणजे काय ते पाहू. एखादी वस्तू पुन्हा पुन्हा पुढे-मागे किंवा वर-खाली हलते, त्या हालचालीला कंपन म्हणतात. उर्दूत आपण तिला लर्जिश म्हणतो. तबल्याची पुडी, सायकलची घंटी, बोलताना आपला गळा, सारेच कंप पावतात. आपल्या मलकापूरच्या मुलांना तर कंपन शिकवावे लागत नाही. कोयना आणि वारणा धरणांचा परिसर आपल्यापासून दूर नाही. त्या भागात भूकंपाचे लहान लहान धक्के बसतच असतात. उर्दूत ज्याला जलजला म्हणतात, तो आपल्या आजी-आजोबांनी चांगलाच अनुभवला आहे. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनानगरला मोठा भूकंप झाला. पावणेदोनशेच्या आसपास माणसे दगावली, हजारो घरे पडली. त्या पहाटेच्या आठवणी जुनी माणसे अजून सांगतात. तेव्हा कंपनात ताकद असते, हे त्या मुलाने अगदी खरे लिहिले होते.

पण काळ वाकतो का? इथेच माझा पहिला धडा मला मिळाला. उत्तर आहे, होय, वाकतो!

अल्बर्ट आइन्स्टाइन या शास्त्रज्ञाने १९१५ साली एक सिद्धान्त मांडला. त्याआधी लोक समजत की अवकाश, म्हणजे आपल्या भोवतालची सारी मोकळी जागा, ही एखाद्या रिकाम्या खोलीसारखी आहे आणि काळ हा भिंतीवरच्या घड्याळासारखा सर्वांसाठी एकाच गतीने चालतो. आइन्स्टाइन म्हणाला, तसे नाही. अवकाश आणि काळ एकमेकांत विणलेले आहेत, आणि जड वस्तू जवळ असली की ते दोन्ही वाकतात. चौघांनी चार कोपरे धरून चादर ताणली आणि तिच्यावर भोपळा ठेवला, तर चादरीला खोलगट खड्डा पडतो. मग काठावर सोडलेली गोटी आपोआप भोपळ्याकडे घरंगळते. सूर्याभोवती पृथ्वी का फिरते, हे समजायला हे चित्र उपयोगी पडते. चित्र अपुरे आहे, कारण अवकाश चादरीसारखे सपाट नसते. पण सुरुवातीला एवढे पुरे.

तुम्ही म्हणाल, हे कागदावरचे बोलणे झाले. काळ वाकल्याचे कोणी पाहिले? पाहिले आहे. १९७१ साली दोन अमेरिकन शास्त्रज्ञांनी अतिशय अचूक अशी आण्विक घड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली. परत आल्यावर ती जमिनीवरच्या घड्याळाशी ताडून पाहिली. दोन्हींत फरक पडला होता. फरक सेकंदाच्या अब्जांश भागात मोजण्याइतका लहान होता, पण सिद्धान्ताने सांगितल्याशी तो जुळला.

आज तर याचा पुरावा तुमच्या घरातल्या मोबाइलमध्येच आहे. मोबाइल आपल्याला रस्ता दाखवतो तो आकाशातल्या उपग्रहांच्या मदतीने. हे उपग्रह सुमारे २०,००० किलोमीटर उंचीवर फिरतात. तिथे पृथ्वीची ओढ कमी, म्हणून तिथले घड्याळ जमिनीवरच्या घड्याळापेक्षा पुढे धावते. वेगामुळे ते थोडे मागेही पडते. दोन्हींचा हिशेब करून ते दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे जाते. एक मायक्रोसेकंद म्हणजे एका सेकंदाचा दहा लाखावा भाग. एवढासा फरक, पण तो दुरुस्त केला नाही तर एका दिवसात मोबाइलचा पत्ता सुमारे १० किलोमीटरने चुकेल. मलकापूरच्या बाजारपेठेत उभे राहून आपण भलत्याच गावात आहोत असे दिसेल! आइन्स्टाइनने कागदावर मांडलेले गणित आज टेम्पोचालकांनाही रस्ता दाखवते आहे.

म्हणजे "काळ वाकेल" हे त्या मुलाचे वाक्य चूक नव्हते. मी मात्र त्यावर लाल रेघ ओढली होती.

आता दुसरा प्रश्न. कंपनाने काळ आणि अवकाश हलतील का? याचेही उत्तर आइन्स्टाइननेच १९१६ साली दिले. तळ्यात दगड टाकला की पाण्यावर लहरी उठतात, तशा जड वस्तू वेगाने हलल्या की अवकाश-काळातही लहरी उठतात. त्यांना गुरुत्वीय लहरी म्हणतात. त्या जिथून जातात तिथे अवकाश किंचित ताणले जाते आणि आकसते. तत्त्व म्हणून पाहिले, तर शिलाई मशीनचा वरखाली होणारा दांडाही अशा लहरी उठवतोच. प्रश्न उरतो तो एकच, किती?

मित्रांनो, 'किती?' हा शब्द लक्षात ठेवा. गोष्ट आणि विज्ञान यांच्या सीमेवर हा शब्द उभा असतो. गोष्टीत 'काळ वाकला' एवढे म्हटले की भागते. विज्ञानात लगेच विचारावे लागते, किती वाकला? कशाने मोजला? दुसऱ्या कोणी मोजला का?

१४ सप्टेंबर २०१५ रोजी या 'किती'चे उत्तर प्रथमच मिळाले. अमेरिकेत लायगो नावाचे यंत्र आहे. एक हॅनफर्ड येथे आणि दुसरे तिथून सुमारे ३,००० किलोमीटर दूर लिव्हिंग्स्टन येथे. त्या दिवशी दोन्ही यंत्रांना एकच लहर जाणवली. आधी लिव्हिंग्स्टनला, नंतर सेकंदाच्या सुमारे सात हजारांश भागाने हॅनफर्डला. ती लहर कुठून आली होती? आपल्यापासून सुमारे १३० कोटी प्रकाशवर्षे दूर दोन कृष्णविवरे एकमेकांभोवती फिरत फिरत एकमेकांवर आदळली होती. कृष्णविवर म्हणजे इतकी दाट वस्तू की तिच्यातून प्रकाशही बाहेर पडत नाही. त्यांपैकी एक सुमारे ३६ सूर्यांइतके जड होते, दुसरे २९ सूर्यांइतके. बेरीज करा. ६५ येते. पण त्यांच्या मिलनातून बनलेले नवे कृष्णविवर ६२ सूर्यांइतकेच भरले. मग तीन सूर्य गेले कुठे? त्यांची लहर झाली! सेकंदाच्या एका लहानशा भागात तीन सूर्यांइतके वस्तुमान ऊर्जा होऊन अवकाश-काळाला हलवून गेले.

आणि पृथ्वीवर पोहोचेपर्यंत त्या लहरीने किती हलवले? लायगोच्या प्रत्येक बाहूची लांबी ४ किलोमीटर आहे. त्या ४ किलोमीटरमध्ये पडलेला फरक अणूच्या पोटातल्या प्रोटॉनच्या रुंदीपेक्षाही शेकडो पटींनी कमी होता. तीन सूर्य खर्च झाले तेव्हा एवढे हलले. आता शिलाई मशीनचा हिशेब तुम्हीच करा. मोटर कितीही मोठी लावली तरी भागणार नाही.

ही लहर कोणाच्या कल्पनेचा खेळ नव्हता, हे कशावरून? कारण दोन दूरच्या यंत्रांनी ती टिपली. त्या लहरीचा आकार आधी गणिताने काढलेल्या आकाराशी जुळला. शास्त्रज्ञांनी महिनोन्महिने तपासणी केली आणि मगच, ११ फेब्रुवारी २०१६ रोजी, जगाला सांगितले. यासाठी रेनर वाइस, बॅरी बॅरिश आणि किप थॉर्न यांना २०१७ चे नोबेल पारितोषिक मिळाले. या कामात आपल्या लोकांचाही हात आहे. गोंगाटातून बारीक लहर शोधून काढण्याच्या गणिती पद्धतीवर पुण्याच्या आयुका या संस्थेत संजीव धुरंधर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कितीतरी वर्षे आधीच काम सुरू केले होते. कृष्णविवराला धक्का बसला तर ते घंटेसारखे कसे 'वाजेल', हे सी. व्ही. विश्वेश्वरा या भारतीय शास्त्रज्ञाने १९७० साली गणिताने दाखवले होते.

आता मी तुम्हाला एक आनंदाची गोष्ट सांगते. असेच एक यंत्र आपल्या महाराष्ट्रात उभे राहणार आहे. मराठवाड्यातील हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथ नावाचे गाव आहे. त्याच्या परिसरात लायगो-इंडिया या वेधशाळेसाठी जागा निवडली गेली. केंद्र सरकारने २०१६ साली तत्त्वतः मान्यता दिली आणि २०२३ साली सुमारे २,६०० कोटी रुपयांच्या खर्चाला मंजुरी दिली. पुण्याची आयुका, इंदूर आणि गांधीनगर येथील संस्था आणि अणुऊर्जा विभाग असे सर्वजण मिळून हे काम करत आहेत.

हे यंत्र नेमके काय करते? एकमेकांशी काटकोन करणाऱ्या चार-चार किलोमीटर लांबीच्या दोन नळ्या असतात. त्यांतली हवा जवळजवळ पूर्ण काढून टाकलेली असते. एक लेसर किरण दोन भागांत विभागून दोन्ही नळ्यांत सोडतात. टोकाच्या आरशांवरून परत येणारे किरण एकत्र आणून ताडून पाहतात. एक बाहू केसाच्याही कितीतरी अंशाने लांब झाला, तर किरणांची जुळणी बिघडते आणि ते कळते. आरसे चाळीस-चाळीस किलो वजनाचे. ते काचेच्या बारीक तंतूंनी लंबकासारखे टांगलेले असतात, कारण जमिनीचे जराही कंपन त्यांच्यापर्यंत पोहोचू द्यायचे नसते. दूरवरून जाणारा ट्रक, झाडांना हलवणारा वारा, समुद्राच्या लाटांनी किनाऱ्याला बसणारे धक्के, कुठलासा भूकंप, या साऱ्यांचा त्याला त्रास होतो. म्हणून शांत जागा शोधावी लागते.

पाहा बरे, त्या मुलाच्या कल्पनेतील यंत्र हलून हलून काळाला वाकवणार होते. खरे यंत्र अगदी उलटे निघाले. ते स्वतः स्तब्ध राहते आणि दुरून आलेले कंपन ऐकते. आपण वर्गात जोरजोरात बोललो तर आपल्याला दुसऱ्याचे ऐकू येत नाही. गप्प राहिलो तर येते. तसेच हे.

तुम्ही विचाराल, अमेरिकेत दोन यंत्रे आहेत, युरोपात इटलीत एक आहे, जपानमध्येही आहे, मग आपल्याकडे कशाला? डोळे मिटून उभे राहा आणि मित्राला टाळी वाजवायला सांगा. दोन कानांमुळे टाळी कुठल्या बाजूने आली ते कळते. एक कान बंद केला की अंदाज चुकतो. या यंत्रांनाही लहर कुठल्या दिशेने आली हे सांगायला एकमेकांची मदत लागते, आणि ती जितकी दूर दूर असतील तितके चांगले. हिंगोलीचे यंत्र म्हणजे साऱ्या जगासाठी एक नवा कान ठरणार आहे.

एवढे वाचून झाल्यावर मला वाटले, आता उत्तर सापडले. जाऊन मुलाला सांगावे, "बघ, तुझे यंत्र चालणार नाही. गोष्टी सोड, विज्ञान वाच." पण तेव्हाच मला जयंत नारळीकरांची आठवण झाली आणि मी थांबले.

डॉ. जयंत विष्णू नारळीकर यांचा जन्म १९ जुलै १९३८ रोजी आपल्या कोल्हापुरात झाला. वडील गणिताचे प्राध्यापक. नारळीकर बनारसला शिकले, पुढे इंग्लंडमध्ये केंब्रिजला गेले आणि फ्रेड हॉइल या शास्त्रज्ञाबरोबर त्यांनी गुरुत्वाकर्षणाचा एक नवा सिद्धान्त मांडला. १९७२ मध्ये ते भारतात परतले. पुण्याची आयुका ही संस्था त्यांनीच उभी केली. असा हा जगप्रसिद्ध शास्त्रज्ञ काय करत होता ठाऊक आहे? मराठीत विज्ञानकथा लिहीत होता!

त्यांच्या पहिल्या कथेचा किस्सा मोठा मजेदार आहे. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेने विज्ञानकथांची स्पर्धा ठेवली. नारळीकरांना वाटले, आपले नाव पाहून परीक्षक भुलतील. म्हणून त्यांनी आपल्या नावातली आद्याक्षरे उलटी केली आणि 'नारायण विनायक जगताप' या नावाने कथा पाठवली. कथेचे नाव होते 'कृष्णविवर'. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून ती पत्नीच्या हस्ताक्षरात लिहून घेतली होती. कथेला पहिला क्रमांक मिळाला. पुढे त्यांनी 'यक्षांची देणगी', 'प्रेषित', 'टाइम मशीनची किमया' अशी कितीतरी पुस्तके लिहिली. २०२१ साली नाशिकच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

ज्याला काळाचे गणित सर्वांत चांगले येत होते, त्यालाच कालयंत्राच्या गोष्टी लिहाव्याशा वाटल्या. मग मी कोण त्या मुलाच्या गोष्टीला 'वास्तवाला धरून लिहा' म्हणणारी?

पण नारळीकरांची दुसरी बाजूही पाहा. हेच नारळीकर गोष्टीतली कल्पना गोष्टीत ठेवत आणि कोणी तिला खरे म्हणू लागला की पुरावा मागत. २००८ साली त्यांनी डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि इतर सहकाऱ्यांबरोबर ज्योतिषांची एक चाचणी घेतली. शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांच्या जन्मपत्रिका गोळा केल्या. चाचणीला तयार झालेल्या प्रत्येक ज्योतिषाला त्यांतल्या चाळीस पत्रिका पाठवल्या आणि विचारले, यांतली हुशार मुले कोणती ते सांगा. सत्तावीस जणांनी उत्तरे पाठवली. सरासरी ४६ टक्के उत्तरे बरोबर आली. नाणे उडवून छापा-काटा केला असता तरी निम्मी उत्तरे बरोबर आली असती! रागावणे नाही, भांडण नाही. फक्त मोजणे.

आणि पुरावा फक्त दुसऱ्याकडेच मागायचा नसतो. १९६९ साली जोसेफ वेबर या अमेरिकन शास्त्रज्ञाने जाहीर केले की ॲल्युमिनियमच्या मोठ्या दंडगोलांच्या कंपनावरून आपल्याला गुरुत्वीय लहरी सापडल्या. साऱ्या जगात खळबळ उडाली. इतर शास्त्रज्ञांनी तशीच यंत्रे बांधली, पण त्यांना काहीच सापडले नाही. वेबर लबाड नव्हता, मोठा कष्टाळू माणूस होता. तरीही दुसऱ्यांना दिसले नाही म्हणून विज्ञानाने त्याचा दावा स्वीकारला नाही. पण त्याने प्रयत्न केला म्हणूनच पुढच्या लोकांना शोधण्याची उमेद आली.

हा भेद माझ्या घरातच कळला असता तर किती बरे झाले असते! माझ्या खालाचे गुडघे दुखतात. काही वर्षांपूर्वी एक विक्रेता दारावर आला. त्याच्याकडे थरथरणारा पट्टा होता. "हे साधे कंपन नाही, विश्वातल्या लहरींचे कंपन आहे. गुडघ्यांचे वय दहा वर्षांनी मागे जाते," असे तो म्हणाला. खालाने ईदसाठी साठवलेले पैसे देऊन पट्टा घेतला. डॉक्टरांच्या गोळ्या बंद केल्या. पंधरा दिवसांत पट्टा बंद पडला आणि महिन्याभरात खालाला चालवेना. मी शिकलेली, बी.एड. झालेली, त्या दिवशी घरातच होते. 'लहरी', 'कंपन', 'ऊर्जा' असे जड शब्द ऐकून मीही मान डोलावली. 'किती?' आणि 'कशाने मोजले?' हे दोन प्रश्न मी विचारले असते, तर खालाचे पैसे वाचले असते, गुडघेही वाचले असते.

आता तुमच्या लक्षात येईल. तो मुलगा आणि तो विक्रेता, दोघांनीही कंपनाने काळ मागे नेण्याची गोष्ट सांगितली. पण मुलाने तिला निबंध म्हटले. विक्रेत्याने तिला खरे म्हणून विकले. मुलाचे चार गुण मी कापले आणि विक्रेत्याला पूर्ण किंमत मोजली. याहून उलटा न्याय कोणता?

म्हणून माझे मत असे आहे. काही मोठी माणसे म्हणतात, अशा गोष्टी वाचून मुले बहकतात. मला हे पटत नाही. गोष्टीतल्या यंत्राने कोणाचे नुकसान होत नाही. उलट 'असे झाले तर?' असे विचारण्याची सवय लागते, आणि शोध त्याच सवयीतून लागतात. काही जण म्हणतात, विज्ञान स्वप्ने मोडते. हेही मला पटत नाही. ४ किलोमीटरमध्ये प्रोटॉनहून लहान फरक मोजू म्हणणारे लोक स्वप्न पाहणारेच होते. स्वप्न पाहावे, मग ते मोजावे. आणि कोणी न मोजता विकायला आला, तर दार लावून घ्यावे.

आणखी एक. नारळीकरांच्या या कथा मराठीत आहेत. तुमच्यापैकी पुष्कळांना मराठी म्हणजे परीक्षेत पास होण्यापुरता विषय वाटतो. घरी आपण वेगळे बोलतो, शाळेत उर्दूतून शिकतो, मग मराठी कशाला, असे मीही लहानपणी म्हणत असे. पण कोल्हापुरात जन्मलेल्या या शास्त्रज्ञाने जे आपल्या भाषेत लिहून ठेवले, ते तुमच्यासाठीही आहे. वाचायला लागा. 'मशीन' पुल्लिंगी की नपुंसकलिंगी, हे मागाहून येईल.

शेवटी त्या मुलाला मी काय सांगितले, ते ऐका. मी त्याला खोटे सांगितले नाही. म्हटले, "बेटा, भूतकाळात जाऊन कोणाला थांबवता येईल असे यंत्र आजवर कोणी बनवलेले नाही. घड्याळ हळू किंवा जलद चालल्याचे पुरावे आहेत, मागे गेल्याचा एकही नाही. २०१५ मध्ये जी लहर सापडली, ती १३० कोटी वर्षांपूर्वी निघाली होती. म्हणजे गेलेला काळ आपल्याला ऐकू येतो. त्याच्यात शिरून काही बदलता मात्र येत नाही."

तो थोडा वेळ गप्प बसला. मग म्हणाला, "टीचर, घाटात धुकं किती आहे हे आधी सांगणारं यंत्र बनवता येईल का?"

मी म्हटले, "धुके मोजणारी यंत्रे आहेत. विमानतळावर असतात. आपल्या घाटातही ती का नसावीत, हे तू शिकून मोठा झालास की विचार. नाही तर तूच बसव."

मी त्याची वही मागून घेतली. जुना शेरा खोडला. नवा शेरा लिहिला, "गोष्ट चांगली आहे. तुझा प्रश्न त्याहून चांगला आहे." आणि चारचे आठ गुण केले. दोन गुण मात्र तसेच कापून ठेवले, कारण निबंध फार लहान होता. पुढच्या वेळी त्याने मोठा लिहावा, अशी माझी इच्छा आहे.

तुम्हीही लिहा. आणि मी चुकीचा शेरा मारला, तर टेबलाजवळ येऊन विचारा, "टीचर, तुम्हाला कसं ठाऊक?"

स्वाध्याय

१. लेखिकेने मुलाच्या निबंधावर आधी कोणता शेरा लिहिला होता? नंतर तो का बदलला?
२. नारळीकरांनी पहिली कथा दुसऱ्या नावाने का पाठवली?
३. मुलाची गोष्ट आणि विक्रेत्याची गोष्ट यांत कोणता फरक आहे? तुमच्या शब्दांत सांगा.
४. "स्वप्न पाहावे, मग ते मोजावे." या वाक्यावर तुमचे मत पाच-सहा ओळींत लिहा.
५. घरातल्या मोठ्या माणसांना भूकंपाच्या आठवणी विचारा आणि त्या मराठीत लिहून आणा.